पोळ्याच्या सकाळी झाडलेला रस्ता

सोनखेडी फाट्यावरचा डांबरी रस्ता जन्मापासून एकदाच काय तो चकचकीत झाला, आणि तोही नेमका ज्या दिवशी व्हायला नको होता त्या दिवशी. त्या दिवशी पोळा होता. झाडणारे होते व्यंकटराव आण्णा. खराटा त्यांचा, शेण त्यांच्या गोठ्यातलं आणि अक्कलही त्यांचीच. कुणाच्या सांगण्यावरून केलं, असं म्हणायची सोयसुद्धा त्यांनी स्वतःला ठेवली नाही.

झालं होतं ते असं. तांबडं फुटायच्या सुमाराला बायनाबाई पळसाच्या फांद्यांचा भारा डोक्यावर घेऊन रस्त्याच्या कडेनं गावात येत होती. पोळ्याला दारात पळस लागतो, आणि निम्म्या गावाचा पळस बायनाबाईच आणायची. मागून, सेलूकडून, एक पांढरा पिकअप आला. आण्णा तेव्हा फाट्यावरच्या पुलाखाली ओढ्यात बैल धूत होते. आधी आवाज आला, मग फांद्या उडालेल्या दिसल्या. पिकअप थोडा पुढं जाऊन थांबला. ड्रायव्हरनं खिडकीतून मान काढून मागं पाहिलं. आता उतरतो की काय, असं वाटलं. मग गाडीनं धूर सोडला आणि ती वालूरच्या अंगाला निघून गेली. मागच्या निळ्या ताडपत्रीचं एक टोक फडफडत होतं.

हे पाहिलेला माणूस अख्ख्या गावात एकच, आण्णा. बायनाबाईला धडक मागून बसलेली. तिनं पाहिलं ते फक्त डांबर.

आण्णा बोंबलले तशी माणसं धावली. बायनाबाईचा नवरा गोपीचंद अर्धी दाढी केलेला, गालाला साबण तसाच, पळत आला. तिचा उजवा पाय गुडघ्याखाली भलतीकडंच वळला होता. नागेशनं आपला रिक्षा वळवला तेव्हा एक म्हातारा म्हणालाच, "नागेशा, नेऊ नको बरं. उद्या तुलाच साक्षीला वढतेल."

"वढू द्या की. आधी हिचं डोस्कं धरा," नागेश म्हणाला आणि गेला.

रिक्षा गेला, गर्दी पांगली, आणि आण्णांची नजर रस्त्यावर पडली. डांबरावर काचेचे दाणे पसरलेले. दुपारी ह्याच रस्त्यानं गावची बैलं वाजतगाजत मारुतीच्या पाराला जायची होती. सगळ्यांत पुढं मानाची जोडी, म्हणजे आण्णांचे हरण्या आणि लाल्या. खुराच्या बेचक्यात काच शिरली की बैल महिनाभर दावणीला. आण्णांनी घरून खराटा आणला. काच, आरशाचे तुकडे, रेडियमची अक्षरं असलेली एक लांब पट्टी, सगळं गोळा करून खताच्या पोत्यात भरलं. पट्टी पोत्यात मावेना, म्हणून दुमडून मोडली. पोतं मारुतीमागच्या पडक्या आडात टाकलं. रक्ताच्या डागावर शेणसडा घातला. बाकी राहिलेलं त्यांच्या बायकोनं, धुरपदाबाईनं, पुरं केलं. सड्यावर तिनं बैलजोडीची रांगोळी काढली.

आता आण्णांना हे झाडायचं वेड कुठून लागलं, ते सांगायला पाहिजे. नाहीतर माणूस नुसताच खुळा वाटेल. तरणेपणी ते हंगामभर सेलूच्या एका जिनिंगमध्ये कामाला असायचे. गाडीतून कापूस उतरला की मशीनकडं जायच्या आधी त्यातला खडा, खिळा, तारेचा तुकडा वेचायचं काम त्यांच्याकडं. एक खिळा आत गेला की ठिणगी, आणि ठिणगी पडली की गंजी खाक. त्यांच्या डोळ्यांदेखत एकदा तसं झालेलं. तेव्हापासून जमिनीवर नको ते दिसलं की आण्णांच्या हाताला खाज सुटते. लग्नाच्या मांडवात लोक नवरी बघतात, आण्णा खाली पडलेले खिळे-टाचण्या बघतात. पोरगी बघायला आलेल्या पाहुण्यांच्या चपला त्यांनी ओळीत लावल्या आणि आतली खडी झटकून ठेवली. पाहुण्यांनी त्यांना गडी समजून पाणी मागितलं. तरी सोयरीक जमली. पोरगी शिवकन्या ताडकळसला दिली, आणि जावई अजून सासऱ्यापुढं चप्पल सरळच काढतो.

गावात आता बैलं उरली थोडकी. निम्मे लोक पोळ्याला ट्रॅक्टरच्या बोनेटवर झूल टाकतात आणि सायलेन्सरला गोंडा बांधतात. आण्णांनी मात्र जोडी सोडली नाही. तर असा माणूस, असा दिवस आणि अशी काच.

दुपारी मिरवणूक झाली, डफडी वाजली, हरण्याच्या खुराला काडीसुद्धा टोचली नाही. मिरवणूक पांगली आणि ठाण्यातून जमादार धम्मानंद मोटारसायकलवर आले. दवाखान्यातून त्यांना फोन गेला होता.

"स्पॉट कुठाय?" त्यांनी विचारलं.

"हितंच की सायेब. तुमी हुबे हाव तितंच."

जमादारांनी खाली पाहिलं. बुटाखाली रांगोळीच्या बैलाचं शिंग होतं. "इथं अपघात झालाय का वास्तुशांती?"

"आण्णांनी केलं समदं," चार-पाच जण एकदमच म्हणाले. त्यांच्या आवाजात चहाडी नव्हती, अभिमान होता. आण्णा फेटा सारखा करत पुढं झाले. शाबासकीच्या तयारीनं आलेला माणूस जसा उभा राहतो, तसे उभे राहिले.

"काच कुठंय, आण्णा?"

"टाकली सायेब. बैलाच्या पायात जाती म्हणून."

"तिच्या डोक्यावरच्या फांद्या?"

"दारोदार वाटल्या. सण हाय न्हवं."

"रक्त?"

"सडा टाकला."

जमादार पुलाच्या कठड्यावर बसले आणि त्यांनी टोपी काढली. "चोर लोक बी इतकं नीट काम करत न्हाईत, आण्णा," ते म्हणाले. "टायर कुठून कुठं घासलं, काच कशी पडली, ह्याच्यावरून गाडी हुडकतेत. पंचनामा कशाचा करू आता, रांगोळीचा?"

लोक हसले. आण्णाही हसले, जरा उशिरा.

मग ड्रायव्हरनं काय करायला पाहिजे होतं, ते जमादारांनी जमलेल्यांना सांगितलं, कारण पोरांनी विचारलंच. गाडीखाली माणूस आला तर ड्रायव्हरनं थांबायचं, त्याला दवाखान्यात पोचवायचं, चोवीस तासांच्या आत ठाण्याला कळवायचं, विमा कंपनीला कळवायचं. लोक मारायला उठले तर तिथं मार खात उभं राहायची सक्ती नाही. पण मग सरळ ठाण्यात यायचं, घरी जाऊन पांघरूण घ्यायचं नाही. नुसतं पळून गेला एवढ्याचीच सहा महिन्यांपर्यंत कैद, नाहीतर पाच हजार दंड. बेदरकारीनं हाड मोडलं त्याची तीन वर्षांपर्यंत वेगळी.

"दहा वर्षं हाय म्हणं आता?" कुणीतरी बोललं.

"ते माणूस मेल्यावरचं, आन ते कलम अजून लागू केलेलं न्हाई. मोबाइलवर समदंच लागू असतंय." जमादारांनी डायरी काढली. "आन ज्यानं बाईला दवाखान्यात नेलं त्याला कुणी तरास देणार न्हाई. त्याची मर्जी असंल तरच नाव सांगायचं. आता बोला, गाडी कुणी पाहिली?"

आण्णांचं तोंड उघडलंही होतं. पांढरा पिकअप, निळी ताडपत्री, वालूरकडं. एवढंच तर बोलायचं होतं. तेवढ्यात शेजारी उभ्या दिनकररावांनी त्यांच्या कानाला तोंड लावलं. दिनकरराव म्हणजे एका बांधापायी अर्धा जन्म कोर्टात घालवलेला माणूस. खटला हरले, पण वकिली अंगात राहिली.

"व्यंकटराव, पुरावा गायब करणं बी गुन्हा हाय बरं. तोंड उघडलं की तुमी आत."

आण्णांनी तोंड मिटलं. मग म्हणाले, "मी बैल धुयालतो, सायेब. पाठमोरा हुतो."

हे वाक्य त्यांनी सगळ्या गावासमोर उच्चारलं. ऐकणाऱ्यांत गोपीचंद नव्हता, तो परभणीला दवाखान्यात होता. तेवढंच काय ते बरं, असं त्या घडीला आण्णांना वाटलं.

दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं आण्णा लेकीकडं ताडकळसला गेले. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी बैल सोडून पाहुणा म्हणून जाणारा शेतकरी त्या भागात कुणी पाहिलेला नाही. धुरपदाबाईनं विचारलं, "अवं, असं काय काम निगालं एकदम?" आण्णा म्हणाले, "लेकीची आठवण यायलीय." धुरपदाबाईनं त्यांच्या तोंडाकडं पाहिलं आणि पिशवीत चटणी-भाकरी बांधून दिली. एवढ्या वर्षांच्या संसारात तिला दोन गोष्टी पक्क्या कळल्या होत्या: ह्या माणसाला लेकीची आठवण येते, पण ती एकदम येत नाही.

ताडकळसला आण्णांनी शिवकन्येचं अंगण झाडलं. मग गोठा झाडला. मग शेजाऱ्याचं अंगण झाडायला घेतलं तेव्हा शेजारीण शिवकन्येला म्हणाली, "तुझ्या बापाला काही झालंय का गं?" आठवडी बाजारात उभा असलेला प्रत्येक पांढरा पिकअप आण्णा मागून-पुढून बघायचे आणि मालकानं "काय पायजे बाबा?" म्हटलं की पुढं सरकायचे. तिकडं दवाखान्यात बायनाबाईच्या पायात सळई बसवली. अपघातातल्या जखम्याचा सुरुवातीच्या दिवसांचा इलाज बिनापैशाचा होतो, तो झाला. इकडं गणपती बसले आणि उठलेही.

एक दिवस नागेशचा फोन आला.

"आण्णा, बरं हाय ना लेकीकडं?"

"हाय की."

"मी काय म्हणतो, तुमी ओढ्यात हुतात ना त्या दिशी? तितून तर फाटा तळहातावानी दिसतोय. मी बी धुतलेत बैल तितं, लहानपणी. जमादार म्हणाले, डायव्हरला चोवीस तास असतेत. तुमाला किती असतेत, आण्णा?"

आण्णांनी फोन ठेवला नाही. नागेशनंच ठेवला. संध्याकाळच्या गाडीनं आण्णा निघाले आणि घरी न जाता सरळ ठाण्यात गेले.

धम्मानंद जमादारांनी सगळं ऐकून घेतलं. ते रागावतील, दोन शिव्या घालतील, म्हणून आण्णा खांदे पाडून बसले होते. जमादारांनी चहा मागवला. त्यापेक्षा शिव्या बऱ्या होत्या.

"कुणी सांगितलं तुमाला, आत टाकतेत म्हणून?"

आण्णांनी नाव सांगितलं.

"दिनकररावाचा कायदा बी त्यांच्या बांधासारखाच हाय, अर्धा. गुन्हेगाराला वाचवायला मुद्दाम पुरावा नाहीसा केला तर गुन्हा. तुमी बैलाला वाचवायला केला. तुमाला कोण धरतंय?" जमादारांनी बशी पुढं सरकवली. "वालूरच्या रस्त्याला पंपावर क्यामेरा हाय, आण्णा. गाडी कुठल्या अंगाला गेली एवढं त्या दिशी कळलं असतं, तर मी संध्याकाळी जाऊन बघितलं असतं. समोरची काच फुटलेला पिकअप दहा गाड्यांत उठून दिसला असता. तो क्यामेरा दोन आठवड्यांनी जुनं पुसून त्याच्यावरच नवं घेतो. आता तुमी आलात."

आण्णांनी चहा प्यायला की नाही, ते त्यांना आठवत नाही.

दुसऱ्या दिवशी आण्णांनी स्वतःच्या विहिरीवरची मोटार सोडून आडावर बसवली. पाणी उपसलं, तळाला गुडघाभर गाळ उरला. साठी ओलांडलेला माणूस दोर धरून खाली उतरला. वरून नागेश ओरडत होता, "आण्णा, तुमी वर या, मी उतरतो." खालून उत्तर आलं, "टाकलं कुणी?" पोतं सापडलं, पण कुजून फाटलेलं. काच गाळात मिसळली होती. बादली-बादली गाळ वर काढून आण्णा तो बोटांनी चाळत बसले, जसा जिनिंगमध्ये कापूस चाळायचे. दिवस मावळताना रेडियमच्या पट्टीचा तुकडा हाताला लागला. त्याला काचेचे दाणे अजून चिकटलेले होते. धुतल्यावर लाल अक्षरं दिसली: 'कृपा'.

पट्टीचा दुसरा तुकडा, ज्याच्यावर कुणाची कृपा ते होतं, तो मिळाला नाही. दुसऱ्या दिवशीही मिळाला नाही. आण्णांना पक्कं आठवत होतं की रस्त्यावरून उचलली तेव्हा पट्टी अख्खी होती. ती त्यांनीच दुमडून मोडली होती. मोडताना वाचली असती तरी भागलं असतं. पण त्या वेळी त्यांना ती कचरा दिसली होती.

जमादारांनी तुकडा रीतसर ताब्यात घेतला आणि खरंच सेलू, वालूर, परभणीपर्यंत काचवाल्यांकडं विचारपूस केली. पुढं एकदा फाट्यावर भेटले तेव्हा म्हणाले, "ह्या जिल्ह्यात कृपेबिगरची गाडी दाखवा मला, आण्णा. आईची, बाबाची, गुरूची. एकावर तर सासऱ्याची बी हाय."

बायनाबाई घरी आली तेव्हा कापसाची पहिली वेचणी लागली होती. आण्णा भेटायला जायचं म्हणून रोज निघत आणि वाटेत कुठंतरी काहीतरी झाडत बसत. शेवटी धुरपदाबाईनं हाताला धरून नेलं.

बायनाबाई दारात बाजेवर बसली होती, पाय लांब केलेला. गोपीचंद कोयत्याला धार लावत होता. ऊसतोडीला जाणाऱ्या घरांत ह्या दिवसांत हाच आवाज असतो. कारखान्याच्या फडात नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. तो तोडतो, ती मोळी बांधते आणि डोक्यावरून गाडीत टाकते. एकटा माणूस म्हणजे अर्धा कोयता, आणि अर्धा कोयता मुकादम घेत नाही. कितीतरी हंगाम ह्या दोघांची जोडी फडात पहिली उतरायची. औंदा मुकादम येऊन, पायाकडं बघून, चहा न घेता गेला होता.

"या आण्णा," बायनाबाई म्हणाली. "बसा. आमचं अंगण झाडलेलं हाय, काळजी करू नका."

धुरपदाबाईला हसू आलं, तिनं पदर तोंडाला लावला. आण्णा उभेच राहिले.

"बायना, मी पाहिलती गाडी."

"ठावं हाय. नागेश बोलला."

"मी तव्हाच सांगायला पायजे हुतं."

"पायजे हुतं," ती म्हणाली. रागानं नाही, भाजीत मीठ पायजे होतं, असं म्हणावं तसं. "तो थांबला हुता का हो? मला गाडी थांबल्यावानी वाटली."

"थांबला हुता. मागं वळून पाहिलं त्यानं."

"मंग गेला."

"गेला."

बायनाबाईनं पायावरची पट्टी चाचपली. "तरणा हुता का?" तिनं विचारलं.

"अंधुक हुतं, तोंड न्हाई दिसलं, माय."

गोपीचंदनं कोयता बाजूला ठेवला. तो मुळात कमी बोलणारा. "आण्णा, तिचा पाय तुमी न्हाई मोडला," तो म्हणाला. "पण गाडी घावली असती तर बरं झालं असतं." आणि पुन्हा कोयता उचलला. आण्णांना दिनकरराव, जमादार, नागेश सगळे बोलले होते. पण हे दुसरं वाक्य त्यांच्या मनातून पुढं कधी गेलं नाही.

किती बरं झालं असतं, ते राजेश्री वकीलबाईंनी सांगितलं. बाईमाणसाला सरकारकडून वकील फुकट मिळतो, हे जमादारांनीच सांगितलं होतं, आणि आण्णांनी स्वतः बैलगाडीत गवताची गादी करून बायनाबाईला बसच्या थांब्यावर आणलं, तिथून सेलूला. राजेश्रीताई वयानं शिवकन्येएवढ्या, बोलायला स्पष्ट.

"गाडी सापडली असती तर मोटार अपघाताच्या न्यायाधिकरणात दावा लावला असता," त्या म्हणाल्या. "दवाखाना, बुडालेली मजुरी, पुढची बुडणारी मजुरी, पायाचं अधूपण, सगळ्याचा हिशेब होतो आणि बहुतेक वेळा विमा कंपनी देते. तुम्ही हंगामात दोघं किती मिळवता, त्यावर तो आकडा ठरतो. कायद्यात त्याला सहा महिन्यांची मुदत लिहिलीय. तोवर सापडली तर लगेच माझ्याकडं यायचं."

"आन न्हाई सापडली तर?"

"मग पळून गेलेल्या अज्ञात वाहनासाठी सरकारची योजना आहे. माणूस गेला तर घरच्यांना दोन लाख, जबर जखमी झाला तर पन्नास हजार. ते ठरलेलं आहे, कमीजास्त होत नाही. अर्ज तहसीलला द्यायचा, चौकशी होते, मंजुरी कलेक्टर देतात. गुन्ह्याची नक्कल, जखमेचा दाखला, आधार, बँकेचं पासबुक लागतं. आणि एक हमीपत्र: उद्या गाडी सापडून दाव्यात भरपाई मिळाली, तर हे पैसे परत करीन."

"म्हंजे गाडी हुडकायची आशा सोडायची न्हाई," बायनाबाई म्हणाली.

"सोडायची नाही. पण तिच्यावर चूलही पेटवायची नाही."

आण्णा दाराशी उभे राहून ऐकत होते. ताईंनी त्यांच्याकडं बघून विचारलं, "हे कोण? दीर का?"

"न्हाई," बायनाबाई म्हणाली, "हे आमचे साक्षीदार."

तिनं ते टोमण्यानं म्हटलं की सरळ, हे आण्णांना कळलं नाही. त्यांनी मान मात्र खाली घातली.

त्यानंतर चौकशीला, दाखल्याला, सहीला आण्णा बरोबर जात राहिले. कचेरीच्या व्हरांड्यात बायनाबाईला बसवायचं, पाणी आणायचं, नाव पुकारलं की उठवायचं. बसल्या जागी तिच्या पायाखालची खडी ते अजूनही वेचायचे. चौकशीच्या दिवशी तहसीलच्या साहेबांनी विचारलं, "वाहन कुणी पाहिलं?" तेव्हा आण्णा पुढं झाले आणि पहिल्यापासून सगळं बोलले, सडा, रांगोळी, ताडकळस, काही गाळलं नाही. साहेबांचा कारकून मधेच हसला. आण्णा थांबले, त्याचं हसून होऊ दिलं आणि पुढचं सांगितलं.

गोपीचंद तेव्हा फडावर होता. विधवा भावजयीबरोबर जोडी जमवून, उशिरा, दुसऱ्या मुकादमाच्या टोळीत गेला होता. बायनाबाई गावात मागं राहिली. लग्न झाल्यापासून दिवाळीनंतर तिनं आपलं घर कधी उघडं पाहिलं नव्हतं. "गाव हिवाळ्यात असं दिसतंय व्हय," ती धुरपदाबाईला म्हणाली. "लय रिकामं दिसतंय गं." रिकामं नव्हतं, तिच्या ओळखीची माणसं तेवढी नव्हती.

सहा महिने होऊन गेले, गाडी सापडली नाही. पोलिसांनी गुन्हा खरा, पण आरोपी मिळून येत नाही, असा अहवाल दिला. पुढं पन्नास हजार मंजूर होऊन खात्यात जमा झाले. बायनाबाईनं पासबुकावर हात फिरवला आणि ते ब्लाउजमध्ये ठेवलं. पेढे वाटावेत असं त्यात काही नव्हतं. कुबडी सुटली, लंगडणं राहिलं. मोळी डोक्यावर घेऊन गाडीला लावलेल्या फळीवर चढता येणार नाही, असं डॉक्टर म्हणाले. तिला ते आधीच ठाऊक होतं.

मधल्या काळात, हरभरा काढणीला आला तेव्हा, बायनाबाई एका सकाळी आण्णांच्या खळ्यावर येऊन हजर झाली. सुपलं घरूनच आणलेलं.

"बायना, तू कामून आलीस?"

"सावडीनं आले. मी एक दिस तुमच्याकडं, तुमी एक दिस माझ्याकडं. गावाची रीतच हाय."

"तुझ्या पायाला..."

"पाखडायला पाय लागतेत व्हय? सरका."

दिवसभर बसल्या जागी तिनं हरभरा पाखडला. आण्णांना वाटलं, देवानं एक दार उघडलं. तिच्या एकरभर रानाला चांगली नांगरट द्यावी, वखर घालावा, एका दिवसाच्या बदल्यात चार दिवस राबावं. रान वाफशावर यायची वाट पाहून ते हरण्या-लाल्याला जुंपून तिच्या बांधावर गेले. बायनाबाई काठी टेकत आली.

"आज न्हाई, आण्णा."

"बरं. उद्या येतो."

"उद्या बी न्हाई."

आण्णा कासरा धरून उभे राहिले. "मंग कव्हा, माय? सावड अंगावर ठिवू नै माणसानं."

"ठिवा जरा," बायनाबाई म्हणाली. "जमादार म्हणाले, कागुद बंद झाला तरी गाडी घावली की पुन्हा उघडतेत. तव्हा सांगायला लागंल, कसली गाडी, कोण्या अंगाला गेली. ते तुमच्याबिगर कोण सांगंल? तुमच्या अंगावर माझं काही असलं, म्हंजे तुमी ताडकळसला जाताल, पण राहताल न्हाई."

"आता कुटं जातोय मी," आण्णा म्हणाले.

"न्हाई जाणार, ठावं हाय मला." ती बांधावर बसली आणि पाय सरळ केला. "तरी बी."

आण्णांनी जोडी वळवली. रान तिनं पुढं ट्रॅक्टरवाल्याला रोख पैसे देऊन नांगरून घेतलं. आण्णा अधूनमधून विचारतात, ती नाही म्हणते, आणि तिचा एक दिवस अजून त्यांच्याकडं आहे.